साहाय्यक दिग्दर्शक ते दिग्दर्शक : गुरुदत्त यांच्या जडणघडणीचा एक अभ्यास

सारांश

हिंदी चित्रपटसृष्टीतील श्रेष्ठ दिग्दर्शक म्हणून गुरुदत्त (१९२५–१९६४) यांचा गौरव होतो. तथापि त्यांच्या कारकिर्दीची चर्चा बहुधा 'प्यासा' आणि 'कागज के फूल' या दोन चित्रपटांभोवती आणि त्यांच्या शोकात्म जीवनाभोवती फिरत राहते. दिग्दर्शक होण्यापूर्वी १९४४ ते १९५० या काळात त्यांनी जी उमेदवारी केली, तिच्याकडे 'संघर्षाचा काळ' एवढ्याच दृष्टीने पाहिले जाते. प्रस्तुत लेखात या उमेदवारीचे स्वरूप स्पष्ट केले आहे. साहाय्यक दिग्दर्शक म्हणून मिळालेले शिक्षण त्यांच्या चित्रपटांच्या रचनेत आणि त्यांनी उभारलेल्या कलावंत-तंत्रज्ञांच्या संचात कसे उतरले, याचे विवेचन करून अशा शिक्षणपद्धतीचे सामर्थ्य आणि तिच्या मर्यादाही मांडल्या आहेत.

बीजशब्द : गुरुदत्त, साहाय्यक दिग्दर्शक, प्रभात फिल्म कंपनी, स्टुडिओ पद्धती, उमेदवारी, चित्रपटशिक्षण.

प्रस्तावना

भारतात चित्रपटकला शिकवणारी शासकीय संस्था १९६० साली पुण्यात स्थापन झाली. त्यापूर्वीच्या जवळजवळ अर्धशतकात येथील दिग्दर्शक घडले ते चित्रीकरणाच्या जागीच. बाबूराव पेंटर यांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत पडेल ते काम करीत व्ही. शांताराम दिग्दर्शक झाले. विष्णुपंत दामले आणि शेख फत्तेलाल यांची पहिली शाळाही तीच. संगीतातील घराण्याप्रमाणे येथेही विद्या गुरूच्या सान्निध्यात मिळत असे आणि ती शब्दांपेक्षा कृतीतून मिळत असे. या परंपरेत जो उमेदवार दिग्दर्शकाच्या सर्वांत जवळ उभा असे, त्याला साहाय्यक दिग्दर्शक म्हणत.

चित्रपटाच्या श्रेयनामावलीत हे नाव येते आणि पुढे जाते. प्रेक्षक ते वाचत नाही. अभ्यासकही क्वचितच थांबतो. परिणामी दिग्दर्शकाचा विचार करताना त्याचा पहिला चित्रपट हाच आरंभबिंदू धरण्याची सवय जडली आहे. गुरुदत्त यांच्या बाबतीत ही सवय विशेष अडचणीची ठरते. 'बाजी' (१९५१) प्रदर्शित झाला तेव्हा त्यांचे वय सव्वीसच्या आसपास होते. या वयात पहिल्याच चित्रपटात दिसणारी तांत्रिक सफाई निव्वळ प्रतिभेने आली असे मानले, तर तिचे स्पष्टीकरण होत नाही, फक्त कौतुक होते. स्पष्टीकरणासाठी त्यामागील सहा-सात वर्षांकडे वळणे आवश्यक आहे.

साहाय्यक दिग्दर्शकाच्या कामाचे स्वरूप

साहाय्यक दिग्दर्शक नेमके काय करतो, हे प्रथम पाहिले पाहिजे. चित्रपटातील दृश्ये कथेच्या क्रमाने चित्रित होत नाहीत. एकाच नेपथ्यावर घडणारे आरंभीचे आणि अखेरचे प्रसंग एकाच आठवड्यात उरकले जातात. त्यामुळे संहितेचे दृश्यवार विभाजन करणे, कोणत्या दिवशी कोणते कलावंत, कोणता पोशाख, कोणत्या वस्तू लागतील याच्या याद्या करणे आणि त्याप्रमाणे सर्वांना वेळेवर हजर ठेवणे, हे पहिले काम.

दुसरे काम सातत्य राखण्याचे. दारातून बाहेर पडणाऱ्या पात्राच्या हातात छत्री असेल, तर दहा दिवसांनी चित्रित होणाऱ्या रस्त्यावरच्या दृश्यातही ती त्याच हातात असावी लागते. नटाच्या नजरेची दिशा, चालण्याचा वेग, आवाजाची पट्टी, डोळ्यांतील पाणी यांची जुळणी करणे म्हणजे सातत्य. तिसरे काम क्लॅपचे. चित्र आणि ध्वनी वेगवेगळ्या पट्ट्यांवर मुद्रित होत असल्याने दोहोंचा मेळ घालण्यासाठी पाटीवर दृश्याचा क्रमांक लिहून ती कॅमेऱ्यासमोर वाजवावी लागते. याखेरीज कलावंतांकडून संवाद म्हणवून घेणे, गर्दीतील माणसांना हालचाली नेमून देणे, संकलकाकडे चित्रित भागाची नोंद पोहोचवणे अशी अनेक कामे त्याच्याकडे असतात.

ही सारी कामे किरकोळ वाटतात. परंतु ती करणाऱ्याला एक गोष्ट आपोआप साधते : तुकड्यात काम करीत असताना संपूर्ण चित्रपट मनात धरून ठेवण्याची सवय. छायालेखक प्रकाशाचा, संकलक लांबीचा आणि नट आपल्या भूमिकेचा विचार करतो. या सर्वांचे एकमेकांशी असलेले नाते रोज पाहण्याची संधी दिग्दर्शकाखेरीज केवळ त्याच्या साहाय्यकाला मिळते. शिवाय दिग्दर्शकाची चूक कोठे झाली आणि ती संकलनाच्या टेबलावर कशी उघडी पडली, हेही तो पाहतो. चुकीची जबाबदारी अंगावर न घेता तिच्यापासून शिकण्याची ही सवलत पुढे दिग्दर्शक झाल्यावर मिळत नाही.

अल्मोड्याहून पुण्याला

गुरुदत्त यांचे मूळ नाव वसंतकुमार शिवशंकर पदुकोण. जन्म ९ जुलै १९२५ रोजी बंगळूर येथे. बालपण व शालेय शिक्षण कोलकात्यात झाले. घरची परिस्थिती बेताची असल्याने महाविद्यालयीन शिक्षण घडले नाही. १९४२ साली ते उदयशंकर यांच्या अल्मोडा येथील संस्कृती केंद्रात दाखल झाले. तेथे नृत्याबरोबर संगीत, नाट्य आणि रंगभूषा यांचेही शिक्षण मिळत असे. कलावंतांनी एकत्र राहून एकमेकांच्या कलांची ओळख करून घ्यावी, ही त्या केंद्रामागील कल्पना होती. महायुद्धाच्या काळातील अडचणींमुळे १९४४ मध्ये हे केंद्र बंद पडले. त्यानंतर गुरुदत्त यांनी कोलकात्यात एका कंपनीत दूरध्वनीचालकाची नोकरी काही काळ केली. त्याच वर्षी पुण्याच्या प्रभात फिल्म कंपनीत त्यांना तीन वर्षांच्या कराराने काम मिळाले.

हा क्रम लक्षात घेण्याजोगा आहे. चित्रपटात येण्यापूर्वी गुरुदत्त यांचे जे काही औपचारिक कलाशिक्षण झाले ते नृत्याचे होते. शरीराची हालचाल, लय, अवकाशातील माणसांची मांडणी यांची जाण त्यांच्यापाशी आधीपासून होती. कॅमेरा, संकलन आणि संहिता यांचे ज्ञान तेवढे मिळवायचे होते. ते त्यांना प्रभातमध्ये मिळू लागले.

प्रभातमधील तीन वर्षे

प्रभात फिल्म कंपनीची स्थापना १९२९ साली कोल्हापुरात झाली आणि १९३३ मध्ये ती पुण्यास आली. 'संत तुकाराम' (१९३६), 'कुंकू' (१९३७), 'माणूस' (१९३९), 'शेजारी' (१९४१) या चित्रपटांनी तिला देशभर प्रतिष्ठा मिळवून दिली होती. गुरुदत्त तेथे आले तेव्हा मात्र हे वैभव ओसरू लागले होते. शांताराम १९४२ मध्येच बाहेर पडले होते. १९४५ साली दामले यांचे निधन झाले. तरीही कंपनीची घडी मोडली नव्हती. स्वतःची चित्रीकरणगृहे, रसायनशाळा, नेपथ्य व वेशभूषा विभाग, संकलनकक्ष आणि मासिक वेतनावर असलेली माणसे एकाच आवारात होती. एका विभागातून दुसऱ्या विभागात चालत जाऊन काम पाहता येईल, अशी ही जागा होती.

'चाँद' (१९४४) मध्ये गुरुदत्त यांनी एक छोटी भूमिका केली. 'लाखारानी' (१९४५) या चित्रपटात त्यांनी अभिनयाबरोबर दिग्दर्शक विश्राम बेडेकर यांना साहाय्य केले. 'रणांगण'कार म्हणून मराठी वाचकांना परिचित असलेले बेडेकर हे गुरुदत्त यांचे पहिले दिग्दर्शक-गुरू ठरावेत, ही मराठी वाङ्मयाच्या अभ्यासकांनी नोंद घ्यावी अशी बाब आहे. पुढल्या वर्षीच्या 'हम एक हैं' (१९४६) मध्ये त्यांनी प्यारेलाल संतोषी यांचे साहाय्यक आणि नृत्यदिग्दर्शक अशी दुहेरी जबाबदारी सांभाळली.

ही दुहेरी जबाबदारी विशेष महत्त्वाची आहे. त्या काळी गीताचे चित्रीकरण हा कथेपासून बराचसा स्वतंत्र भाग मानला जाई. कथा दिग्दर्शकाची, नृत्य नृत्यदिग्दर्शकाचे, अशी वाटणी असे. एकाच माणसाकडे दोन्ही कामे आल्यावर ही भिंत त्याच्यापुरती तरी नाहीशी होते. गीतापूर्वीच्या प्रसंगात पात्र कोठे उभे होते आणि गीत संपल्यावर ते कोणत्या मनःस्थितीत असावे, हे सातत्याचे प्रश्न नृत्याच्या मांडणीतही येतात. गीत हा कथेचाच पुढचा प्रसंग आहे, ही गुरुदत्त यांच्या चित्रपटांची ओळख बनलेली दृष्टी या अनुभवाशी सुसंगत आहे.

याच चित्रपटात देव आनंद प्रथम नायक म्हणून पडद्यावर आले. अभिनेते रहमान हेही त्यात होते; पुढे 'प्यासा'मधील प्रकाशक त्यांनीच साकार केला. देव आनंद आणि गुरुदत्त यांची मैत्री धोब्याकडून अदलाबदल होऊन आलेल्या सदऱ्यामुळे जुळली, ही हकीकत प्रसिद्ध आहे. आपण निर्माता झालो तर दिग्दर्शन तुझ्याकडे, आणि तू दिग्दर्शक झालास तर नायक मी, असा उभयतांनी एकमेकांना शब्द दिला. स्टुडिओच्या आवारात ओळखी कशा जुळत आणि पुढे त्यांचे रूपांतर व्यावसायिक संबंधांत कसे होई, याचे हे बोलके उदाहरण होय.

मुंबईतील उमेदवारी

१९४७ मध्ये करार संपला. त्याच वर्षीच्या 'मोहन' या चित्रपटासाठी गुरुदत्त यांनी अनादिनाथ बॅनर्जी यांचे साहाय्यक म्हणून काम केले. त्यानंतर सुमारे दहा महिने हाताला काम नव्हते. मुंबईत माटुंगा येथे कुटुंबासमवेत राहत असताना त्यांनी लेखनाकडे मोर्चा वळवला. याच काळात त्यांनी 'कश्मकश' ही कथा लिहिली. समाजाने नाकारलेल्या कलावंताची ही कथा दहा वर्षांनी 'प्यासा'च्या रूपाने पडद्यावर आली. स्टुडिओच्या वेतनाचे छत्र गेल्यावर उमेदवाराची अवस्था काय होते, याचा हा अनुभव त्यांच्या सर्वांत गाजलेल्या चित्रपटाचा उगम ठरला.

पुढे 'गर्ल्स स्कूल' (१९४९) साठी त्यांनी अमिय चक्रवर्ती यांना आणि 'संग्राम' (१९५०) साठी ज्ञान मुखर्जी यांना साहाय्य केले. मुखर्जी हे बॉम्बे टॉकीजच्या 'किस्मत' (१९४३) या विक्रमी यश मिळवलेल्या चित्रपटाचे दिग्दर्शक. पाकीटमाराला नायक करून त्याच्याविषयी प्रेक्षकाच्या मनात सहानुभूती निर्माण करण्याचे धाडस त्यांनी त्यात केले होते. 'संग्राम'मध्येही अशोककुमार यांनी गुन्हेगारीकडे वळलेला नायक रंगवला. शहर, रात्र, जुगार, पोलीस आणि द्विधा मनाचा नायक ही सामग्री गुरुदत्त यांच्यासमोर प्रथम तयार होत होती ती येथे. या गुरूचे ऋण त्यांनी उघडपणे मानले. १९५६ मध्ये मुखर्जी यांचे निधन झाल्यानंतर 'प्यासा' हा चित्रपट त्यांच्या स्मृतीस अर्पण करण्यात आला. शक्ती सामंता यांनीही मुखर्जी यांच्याच हाताखाली उमेदवारी केली होती, हे लक्षात घेतले म्हणजे या शिक्षणसाखळीचा विस्तार ध्यानी येतो.

अशा रीतीने गुरुदत्त यांनी पाच चित्रपटांत पाच वेगवेगळ्या दिग्दर्शकांसमवेत काम केले. एकाच गुरूची पद्धत अंगी मुरवण्याऐवजी त्यांना अनेक पद्धतींची तुलना करता आली. या पाच चित्रपटांतील अमुक एक दृश्य गुरुदत्त यांचे, असे मात्र दाखवता येत नाही. साहाय्यकाचे काम दुसऱ्याच्या कृतीत विरघळून जाते, हे त्या कामाचे स्वरूपच आहे. म्हणून त्याच्या शिक्षणाचा पुरावा त्याने साहाय्य केलेल्या चित्रपटांपेक्षा त्याने पुढे स्वतः केलेल्या चित्रपटांत शोधावा लागतो.

'बाजी' आणि उमेदवारीचा ठसा

देव आनंद यांनी १९४९ मध्ये बंधू चेतन आनंद यांच्यासमवेत नवकेतन ही संस्था स्थापन केली आणि शब्द पाळून 'बाजी'चे दिग्दर्शन गुरुदत्त यांच्याकडे सोपवले. पटकथा व संवाद बलराज साहनी यांचे, गीते साहिर लुधियानवी यांची आणि संगीत सचिनदेव बर्मन यांचे होते. नृत्यदिग्दर्शन जोहरा सेहगल यांनी केले. त्याही अल्मोड्याच्या केंद्रातून आलेल्या होत्या. म्हणजे पहिल्या चित्रपटातच अल्मोड्याची सहकारी कलावंत, प्रभातमधील मित्र आणि मुखर्जी यांच्याकडून आलेली गुन्हेगारी कथेची चौकट, असे उमेदवारीचे तिन्ही टप्पे एकत्र आलेले दिसतात.

'बाजी'तील क्लबमध्ये नर्तकी एका गीतातून नायकाला धोक्याची सूचना देते. नायकाला ते कळते, आजूबाजूच्या प्रेक्षकांना कळत नाही. गीत वगळले तर कथेचा दुवा तुटेल, अशी ही योजना आहे. 'आरपार' (१९५४) आणि 'मिस्टर अँड मिसेस ५५' (१९५५) या चित्रपटांत गीते गॅरेज, मोटार, रस्ता अशा नित्याच्या जागी घडतात. अनेकदा वाद्यमेळाची लांब प्रस्तावना न ठेवता बोलण्यातूनच गाणे सुरू होते. 'प्यासा'मध्ये रस्त्यावर चाललेले वैष्णव भजन आणि गच्चीवर उभ्या असलेल्या नायकाकडे ओढली जाणारी गुलाबो यांची जुळणी अशी आहे की, तिने एकही शब्द न उच्चारता तिचे मन उघड होते. ही जुळणी नृत्याची जाण आणि सातत्याची शिस्त यांच्या मिलाफातून आलेली आहे.

लांब केंद्रांतराच्या भिंगाने घेतलेली समीपदृश्ये हे त्यांच्या शैलीचे दुसरे वैशिष्ट्य. अशा भिंगामुळे पार्श्वभूमी धूसर होते आणि चेहरा, विशेषतः डोळे, ठळक होतात. भिंगाची निवड हा छायालेखकाचा प्रांत मानला जातो. दिग्दर्शकानेच तिचा आग्रह धरावा, यासाठी इतरांच्या विभागाची भाषा अवगत असावी लागते आणि ती साहाय्यकाच्या कामातून येते.

संच हीच शाळा

गुरुदत्त यांच्या उमेदवारीचे सर्वांत स्पष्ट फळ कोठे दिसत असेल, तर ते त्यांनी इतर उमेदवारांना दिलेल्या वागणुकीत. 'बाजी'चे छायालेखक व्ही. रात्रा होते आणि व्ही. के. मूर्ती त्यांचे साहाय्यक. क्लबमधील एका गीताच्या वेळी आरशातील प्रतिबिंबापासून आरंभ होणाऱ्या अवघड दृश्याची कल्पना मूर्ती यांनी सुचवली. गुरुदत्त यांनी ती तर स्वीकारलीच. पण कॅमेराही मूर्ती यांनाच चालवू दिला. पुढच्या 'जाल' (१९५२) पासून मूर्ती त्यांचे छायालेखक झाले. 'कागज के फूल'मध्ये रिकाम्या स्टुडिओत वरून उतरणारा प्रकाशाचा झोत मूर्ती यांनी आरशांच्या साहाय्याने बाहेरचा सूर्यप्रकाश आत वळवून साधला. साहाय्यकाची एक सूचना ऐकून घेण्याचे हे फलित होय. २००८ या वर्षासाठीचा दादासाहेब फाळके पुरस्कार मूर्ती यांना देण्यात आला. हा सन्मान मिळालेले ते पहिले छायालेखक.

राज खोसला यांचे उदाहरणही असेच. ते गायक होण्याच्या इच्छेने मुंबईत आले आणि गुरुदत्त यांचे साहाय्यक झाले. गुरुदत्त यांनी स्वतःच्या संस्थेच्या 'सी.आय.डी.' (१९५६) चे दिग्दर्शन त्यांच्याकडे दिले. या चित्रपटाचे नायक होते देव आनंद. प्रभातच्या आवारात दिलेल्या शब्दाचा दुसरा अर्धा भाग अशा रीतीने एका साहाय्यकाच्या हातून पुरा झाला, असे म्हणता येईल. पुढे 'वह कौन थी' (१९६४), 'मेरा गाँव मेरा देश' (१९७१) असे चित्रपट देणाऱ्या खोसला यांच्याकडे महेश भट्ट यांनी उमेदवारी केली. मुखर्जी, गुरुदत्त, खोसला, भट्ट ही चार पिढ्यांची सलग परंपरा आहे. तिच्यातील कोणालाही पदवीची आवश्यकता भासली नाही.

संवादलेखक अब्रार अल्वी यांचा प्रवेशही असाच चित्रीकरणस्थळी झाला. 'बाज' (१९५३) च्या वेळी संवादासंबंधी त्यांनी केलेली सूचना गुरुदत्त यांना पटली आणि 'आरपार'चे संवाद त्यांच्याकडे आले. प्रत्येक पात्राला त्याच्या प्रदेशाची व व्यवसायाची बोली देणारे ते संवाद तत्कालीन पुस्तकी भाषेहून वेगळे ठरले. कोल्हापूरच्या भानू अथैया यांच्या वेशभूषाकार म्हणून कारकिर्दीचा आरंभ 'सी.आय.डी.'ने झाला, १९८३ मध्ये 'गांधी' या चित्रपटासाठी त्यांना ऑस्कर पुरस्कार मिळाला. वहिदा रहमान यांचे हिंदी चित्रपटांतील पदार्पणही याच चित्रपटातून झाले. प्रभातने जे कायम वेतनाच्या माणसांच्या आधारे उभे केले होते, तेच गुरुदत्त यांनी मुंबईत, स्टुडिओ पद्धती मोडत असताना, आपल्या संचाच्या रूपाने लहान प्रमाणावर पुन्हा उभारले.

उमेदवारीच्या मर्यादा

या शिक्षणपद्धतीचे गुणगान करताना तिच्या मर्यादांकडे दुर्लक्ष करता येत नाही. साहाय्यकाला वेळ आणि फिल्म यांच्या काटकसरीचे शिक्षण मिळते, असे मानले जाते. स्वतःची संस्था हाती आल्यावर गुरुदत्त यांनी मात्र ही काटकसर फारशी पाळली नाही. मनासारखे न वाटलेले भाग ते पुन्हा चित्रित करीत. 'गौरी' आणि 'राज' हे चित्रपट आरंभ करून अर्धवट सोडून देण्यात आले. इतरांच्या चित्रपटात निर्णयाचा भार दिग्दर्शकावर असतो. तो भार स्वतःवर आल्यावर येणारी अनिश्चिती कशी पेलावी, हे उमेदवारी शिकवू शकत नाही.

दुसरी मर्यादा श्रेयाची. 'साहिब बीबी और गुलाम' (१९६२) चे दिग्दर्शक म्हणून अब्रार अल्वी यांचे नाव आहे आणि त्या वर्षीचा दिग्दर्शनाचा फिल्मफेअर पुरस्कारही त्यांना मिळाला. तरीही त्यातील गुरुदत्त यांचा वाटा किती, हा वाद दीर्घकाळ चालू राहिला. संच जितका एकजीव, तितके श्रेयाचे वाटप कठीण. ज्या व्यवस्थेत साहाय्यकाचे काम विरघळून जाते, त्याच व्यवस्थेत पुढे तोच साहाय्यक दिग्दर्शक झाल्यावरही त्याच्या नावाविषयी शंका घेतली जाते. तिसरी मर्यादा संधीची. येथे प्रवेशपरीक्षा नव्हती आणि उत्तीर्ण होण्याची खात्रीही नव्हती. मित्राने शब्द पाळला म्हणून गुरुदत्त दिग्दर्शक झाले. असा मित्र न भेटलेल्या साहाय्यकांची नावे श्रेयनामावलीपुरतीच उरली.

'कागज के फूल' : स्टुडिओचे मृत्युपत्र

१९५९ साली प्रदर्शित झालेला 'कागज के फूल' हा सिनेमास्कोप तंत्रातील पहिला भारतीय चित्रपट. त्याचा नायक सुरेश सिन्हा हा दिग्दर्शक आहे. एका अनोळखी तरुणीला तो नायिका बनवतो. ती कीर्तीच्या शिखरावर पोहोचते आणि तो उतरत जातो. पुढे आपल्याच शोधलेल्या नायिकेच्या चित्रपटात किरकोळ कलावंत म्हणून उभे राहण्याची वेळ त्याच्यावर येते आणि अखेरीस रिकाम्या स्टुडिओत, दिग्दर्शकाच्या खुर्चीतच त्याचा अंत होतो.

या चित्रपटाचे वाचन बहुतेक वेळा चरित्रात्मक अंगाने केले जाते. परंतु त्यात स्टुडिओ हे स्थळ जितक्या तपशिलाने येते, तितक्या तपशिलाने ते केवळ दिग्दर्शकाच्या खुर्चीवरून दिसत नाही. उंचावरचे दिवे, त्याखालची उघडी लाकडी चौकट, अर्धे उभे नेपथ्य, किरकोळ कलावंतांची रांग, मृत माणूस बाजूला करून काम सुरू करण्याची घाई हे सर्व खालून, उमेदवाराच्या जागेवरून पाहिलेले आहे. ज्या पद्धतीने आपल्याला घडवले ती मोडकळीस येत आहे, याची जाणीव त्यात आहे. प्रभातची अखेर गुरुदत्त यांच्यासमोर होती आणि बॉम्बे टॉकीजचीही. त्या अर्थाने हा चित्रपट एका व्यक्तीच्या शोकांतिकेइतकाच एका शिक्षणव्यवस्थेचा निरोप आहे. तिकीटखिडकीवर तो अपयशी ठरला. त्यानंतर दिग्दर्शक म्हणून गुरुदत्त यांनी आपले नाव कोणत्याही चित्रपटाला दिले नाही. 'बाजी' ते 'कागज के फूल' असे एकूण आठ चित्रपट त्यांच्या नावावर आहेत. १० ऑक्टोबर १९६४ रोजी मुंबईत त्यांचे निधन झाले. 'टाइम' या नियतकालिकाने २००५ साली प्रसिद्ध केलेल्या सर्वोत्तम शंभर चित्रपटांच्या यादीत 'प्यासा'चा समावेश होता. २०२५ हे त्यांचे जन्मशताब्दी वर्ष होते.

निष्कर्ष

गुरुदत्त यांच्या कारकिर्दीवरून तीन निष्कर्ष काढता येतात. पहिला, साहाय्यक दिग्दर्शकाचा काळ हा प्रतीक्षेचा काळ नसून घडणीचा काळ असतो. गीत आणि कथा यांचे ऐक्य, विभागांमधील भिंती ओलांडण्याची क्षमता आणि नागर गुन्हेगारी कथेची चौकट ही तिन्ही वैशिष्ट्ये त्यांच्या उमेदवारीत रुजलेली दिसतात. दुसरा, या शिक्षणाची कसोटी केवळ स्वतःच्या कृतीत नसते. मिळालेली विद्या पुढे देता येते की नाही, यातही ती असते. मूर्ती, खोसला, अल्वी यांना मिळालेली संधी हे तिचे उत्तर आहे. तिसरा, तंत्र आणि सहकार्य शिकवणारी ही पद्धत संधीची समानता आणि श्रेयाची निश्चिती देऊ शकत नाही.

'कागज के फूल' प्रदर्शित झाल्यानंतर दुसऱ्याच वर्षी पुण्यातील प्रभातच्या आवारात फिल्म इन्स्टिट्यूटची स्थापना झाली आणि १९६१ पासून तेथे शिक्षण सुरू झाले. ज्या भूमीवर गुरुदत्त यांनी क्लॅपची पाटी धरली, तेथेच अभ्यासक्रम, वर्ग, परीक्षा आणि पदविका आल्या. प्रवेशाचे दार त्यामुळे अधिक लोकांसाठी उघडले, ओळखीवाचून शिकता येऊ लागले आणि जगातील चित्रपटांचा इतिहास विद्यार्थ्याच्या हाती आला. हा लाभ मोठा आहे. मात्र नव्या संस्थेने जुने चित्रीकरणगृह जपले आणि विद्यार्थ्यांना एकमेकांच्या चित्रपटांवर काम करावयास लावले, हेही तितकेच अर्थपूर्ण आहे. अध्यापनाच्या कोणत्याही क्षेत्रात, मग ती प्रयोगशाळा असो, क्षेत्रकार्य असो वा संशोधन-मार्गदर्शन, हा प्रश्न उभा राहतोच : विद्यार्थ्याला ज्ञान सांगावयाचे की काम चालू असताना शेजारी उभे करावयाचे? वर्गामुळे संधी वाढते, तर शेजारी उभे राहिल्याने दृष्टी येते. मूर्ती यांची सूचना ऐकून कॅमेरा त्यांच्या हाती देणारा दिग्दर्शक स्वतः काही वर्षे कोणाच्या तरी शेजारी उभा होता, ही गोष्ट अभ्यासक्रमाची आखणी करणाऱ्यांनी विचारात घेण्यासारखी आहे.